काल्पनिक परागवाहक खरोखर धोक्यात आणायचा असेल तर

प्रश्न थोडक्यात असा आहे. एका कादंबरीसाठी रचलेल्या जगात धुक्याने भरलेली खोल दरी आहे. तिच्या कड्यांवर ‘धूपवृक्ष’ वाढतात आणि त्यांच्या फुलांचं परागीभवन फक्त ‘दीपाळ’ नावाचा प्राणी करतो. हा तळहाताएवढा, लवदार, पंखांचा आणि अंधारात उजळणारा सस्तन जीव आहे. त्याच्या चमकत्या लवेसाठी शिकारी त्याला मारतात. आता शंभरेक दीपाळ उरले आहेत आणि ते संपले की जंगल मरणार. लेखिकेने विचारलं आहे की हे पटतं का, कुठे कमी पडतं, आणि शेवटची जोडी वाचवण्याचा प्रसंग कळस म्हणून ठेवावा का.

फुलं आणि त्यांच्याकडे येणारे जीव यांच्या अभ्यासातच माझी बरीच वर्षं गेली आहेत, म्हणून मोकळेपणाने लिहिते. दीपाळ मला आवडला. दरी, धुकं, कड्यावरची झाडं, सगळं छान जमलं आहे. कच्ची बाजू आहे ती शिकाऱ्यांची. शिकारी कुठल्याही प्राण्यामागे लावता येतात, त्यासाठी तो परागवाहक असायची गरज नाही. परागवाहक नाहीसा होतो तो बहुतेक वेळा त्याच्या खाण्यापिण्यात, मुक्कामाच्या जागेत किंवा फुलापर्यंत पोचण्याच्या वाटेत काहीतरी बिघडल्यामुळे. दीपाळावरचं संकट त्याच्या रोजच्या जगण्यातून आलं, तर वाचकाला ते आपोआप पटेल.

सुरुवात फुलापासून करा. परागीभवन ही प्राण्याने झाडावर केलेली मेहेरबानी नाही. प्राणी पोटासाठी येतो. झाडाला कमीत कमी मकरंद खर्चून आपले पराग दुसऱ्या फुलावर पोचवायचे असतात. या दोघांच्या ओढाताणीतून फुलाचा आकार घडतो. मादागास्करमधल्या एका पांढऱ्या ऑर्किडच्या फुलाला जवळजवळ ३० सेंटीमीटर लांबीची नळी असते आणि मकरंद तिच्या अगदी तळाशी. १८६२ मध्ये डार्विनने हे फूल पाहून सांगितलं की तेवढ्या लांब सोंडेचा पतंग तिथे असलाच पाहिजे. तसा पतंग १९०३ मध्ये शास्त्रीय नोंदीत आला, तेव्हा डार्विनला जाऊन वीस वर्षं उलटली होती. ही गोष्ट सगळे सांगतात, पण नळी एवढी लांब का, हे कमी लोक सांगतात. सोंडेपेक्षा नळी आखूड असेल तर पतंग दुरूनच मकरंद पितो आणि त्याचं डोकं परागांना लागतच नाही. नळी थोडी जास्त लांब असली तरच त्याला तोंड आत खुपसावं लागतं आणि पराग त्याला चिकटतात. त्यामुळे पिढ्यानपिढ्या नळी वाढत गेली आणि तिच्यामागे सोंडही.

तेव्हा धूपवृक्षाच्या फुलाबद्दल एक गोष्ट पक्की करा: पराग दीपाळाच्या अंगावर नेमके कुठे लागतात? कपाळावर, गळ्याखाली की पंखांच्या मुळाशी? एवढं ठरलं की फुलाचा आकार, दीपाळ त्यावर कसा बसतो, किती वेळ थांबतो, हे सगळं त्यातून निघतं. आणि चोर कोण असू शकेल तेही कळतं. फुलाच्या बुडाला भोक पाडून मकरंद पळवणारे कीटक खऱ्या जगात भरपूर आहेत. ते फुलावर येतात, पोट भरतात आणि परागांना शिवतही नाहीत. तुमच्या दरीतल्या लोकांनी अशा कीटकांचे थवे पाहून ‘झाडांवर तर गर्दी आहे, चिंता कसली’ असं म्हणणं अगदी स्वाभाविक ठरेल.

जवळून पाहण्यासारखं एक उदाहरण टोमॅटोच्या फुलाचं. त्याचे पुंकेसर जुळून एक पिवळा सुळका होतो आणि पराग त्याच्या आत कोंडलेले असतात, टोकाला छिद्रं असलेल्या मिठाच्या डबीत मीठ असावं तसे. बंबलबी ही लवदार, मोठी माशी येते, सुळका जबड्यात पकडते, त्याभोवती अंग वळवून लोंबकळते आणि पंख न हलवता फक्त उडण्याचे स्नायू थरथरवते. गुणगुणण्याचा स्वर एकदम बदलतो, चढतो, आणि पिवळी भुकटी तिच्या पोटावर उडते. मधमाशीला हे जमत नाही. ती त्याच फुलावर कितीही वेळ बसली तरी तिला असे पराग झटकता येत नाहीत. दीपाळाकडे असं काहीतरी त्याचंच कसब असू द्या. मग ‘हे काम तोच का करतो, दुसरा कोणी का नाही’ हे वाचकाला वेगळं समजावून सांगावं लागणार नाही.

आता ‘फक्त एकच’ या मुद्द्याकडे येते. एका झाडाला एकच परागवाहक आणि त्या परागवाहकाला तेच एक झाड, अशा जोड्या निसर्गात आहेत. उंबर, वड, अंजीर यांच्या कुळातल्या बहुतेक झाडांची आपापली चिमुकली गांधीलमाशी असते. मादी फळासारख्या दिसणाऱ्या त्या बंद फुलोऱ्यात एका अरुंद तोंडातून घुसते. घुसताना तिचे पंख तुटतात. आत ती अंडी घालते, सोबत आणलेले पराग फुलांवर ठेवते आणि बहुधा तिथेच मरते. तिच्या पिलांपैकी नरांना पंख नसतात. ते आतच माद्यांशी मीलन करतात आणि बाहेर पडायला बोगदा पाडून देतात. मग नव्या माद्या पराग घेऊन उडतात. त्यांच्या हातात जेमतेम एक-दोन दिवस असतात, म्हणून त्या परिसरातल्या कुठल्या ना कुठल्या झाडावर योग्य अवस्थेतला फुलोरा असावाच लागतो. इतकं घट्ट नातं तिथेच टिकतं जिथे परागवाहकाचं आयुष्य अगदी छोटं असतं आणि त्याची पिलं त्याच झाडात वाढतात.

दीपाळ तसा नाही. तो सस्तन आहे, उष्ण रक्ताचा आहे, लहान आहे आणि उडतो. अशा शरीराला रोज भरपूर खावं लागतं. गुणगुण्या पक्ष्यांच्या (हमिंगबर्डच्या) अनेक जाती थंड रात्री शरीराचं तापमान पार खाली आणून बधिर पडून राहतात, नाहीतर सकाळपर्यंत साठा पुरत नाही. धूपवृक्ष वर्षातून पाच-सहा आठवडे फुलत असेल तर उरलेले महिने दीपाळ काय खातो? सह्याद्रीतली कारवी सात वर्षांतून एकदा फुलते. त्या वर्षी डोंगर मधमाश्यांनी भरून जातात, पण मधली सहा वर्षं त्या माश्यांना दुसऱ्या फुलांनीच जगवलेलं असतं.

माझ्या मते तुमची खरी कथा इथे आहे. फुलं आणि परागवाहक यांचं सगळं जाळं मांडून पाहिलं की एक गोष्ट पुन्हा पुन्हा दिसते: एकाच पाहुण्यावर विसंबलेलं झाड बहुधा अशा पाहुण्यावर विसंबलेलं असतं जो स्वतः पुष्कळ झाडांवर जातो. अवलंबित्व क्वचितच दोन्हीकडून सारखं असतं. म्हणजे धूपवृक्षाला दीपाळाशिवाय गती नाही हे ठेवा, पण दीपाळाला वर्षभरात सात-आठ झाडंवेली लागतात असं करा. त्यातलं एखादं ओढ्याकाठचं अगदी साधं झुडूप असू दे, ज्याला दरीतले लोक नावसुद्धा धड देत नाहीत. कोरड्या हंगामातले तीन आठवडे फक्त तेच फुलतं. लोक ते झुडूप पायवाटेसाठी किंवा चराईसाठी साफ करतात. कोणीही दीपाळाला हात लावलेला नाही, धूपवृक्षावर कुऱ्हाड पडलेली नाही, आणि तरी दोघांचाही शेवट सुरू झालेला आहे.

खऱ्या जगात याच्या अगदी जवळचं उदाहरण आहे. मेक्सिकोत मकरंद खाणारी एक लांब नाकाची वटवाघळं हजारभर किलोमीटर उत्तरेकडे स्थलांतर करतात, ती स्तंभासारखी निवडुंगं आणि अगेव्ह (घायपातीच्या कुळातली झाडं) एकामागून एक फुलत जातात त्या क्रमाने. या वाटेवर मध्येच एक पट्टा फुलांविना गेला तर पुढचा सगळा प्रवास कोसळतो. टकीला ही दारू बनवताना अगेव्ह फुलायच्या आधीच कापतात, कारण फुलोरा आला की साठवलेली साखर त्यात खर्च होते. कापणाऱ्याच्या मनात वटवाघळाविषयी काहीही वाईट नसतं. अमेरिकेने १९८८ मध्ये ही जाती संकटग्रस्त ठरवली तेव्हा हजाराहूनही कमी वटवाघळांची माहिती होती. गुहा राखल्या गेल्या, लोकांचा दृष्टिकोन बदलला, काही उत्पादक थोडी अगेव्ह फुलू द्यायला लागले. २०१८ मध्ये ती यादीतून बाहेर आली तेव्हा अंदाज सुमारे २ लाखांचा होता.

नाशाची आणखी दोन रूपं सांगते, कारण दोन्ही तुमच्या दरीत बसतात.

पहिलं, बाहेरून आलेला पाहुणा. १९९० च्या दशकाच्या अखेरीस चिलीमध्ये शेतीतल्या परागीभवनासाठी युरोपातली बंबलबी आणली गेली. ती शेतांत थांबली नाही. दक्षिणेकडे पसरत अर्जेंटिनात पोचली आणि जिथे ती गेली तिथून तिथली मूळची भलीमोठी सोनेरी बंबलबी झपाट्याने हटत गेली. नवीन माशीबरोबर आलेले परजीवी हे त्यामागचं एक महत्त्वाचं कारण मानलं जातं. हेतू चांगला होता, हे कथेसाठी फार मोलाचं आहे. तुमच्या दरीत दीपाळ कमी होत आहेत म्हणून कोणीतरी जाणती व्यक्ती दुसऱ्या खोऱ्यातले दीपाळ आणून सोडते आणि त्यांच्याबरोबर रोग येतो, असं करता येईल.

दुसरं मला अधिक जवळचं वाटतं. मॉरिशसमध्ये रूसिया नावाची एक दुर्मिळ वेलीसारखी वनस्पती आहे आणि तिच्या फुलांचं परागीभवन निळ्या शेपटीची एक पाल करते. त्या बेटावर बाहेरून एक मुंगी आली. ही मुंगी पिठ्या ढेकणांना पाळते, त्यांनी सोडलेला गोड रस पिते आणि त्यांच्या रक्षणासाठी फुलांवर मातीची छोटी छपरं बांधते. पाल फुलाजवळ आली की मुंग्या तिच्यावर धावतात, आणि मुंग्या असलेल्या फुलांकडे पाल फिरकेनाशी होते. पाल जिवंत आहे, वेल जिवंत आहे, मकरंदही आहे. फक्त दोघांची भेट होत नाही. तुम्ही दीपाळाच्या शत्रूला तलवार दिली आहे. त्याऐवजी तो फुलाच्या तोंडाशी बसणारा, नखाएवढा, कष्टाळू जीव असला तर गोष्ट कितीतरी भीतिदायक होईल.

शिकारी काढूनच टाका असं मी म्हणत नाही. त्यांना उशिरा आणा. एखादा जीव दुर्मिळ झाला की त्याची किंमत वाढते, आणि किंमत वाढली की उरलेल्यांच्या मागे माणसं लागतात. इंडोनेशियाच्या उत्तर मोलुक्का बेटांवरची वॉलेसची महाकाय मधमाशी १९८१ नंतर कित्येक वर्षं जिवंत दिसलीच नव्हती. ती वाळवीच्या वारुळात राळेचं घर करते. २०१९ मध्ये तिचे जिवंत फोटो मिळाले, तेव्हा आनंदाबरोबर लगेच काळजीही सुरू झाली, कारण संग्राहकांच्या बाजारात तिचे मृत नमुने आधीच मोठ्या किमतीला विकले गेले होते. तुमचे शिकारी असेच येऊ द्या: आधीच खचलेल्या जातीवरचा शेवटचा घाव म्हणून.

दीपाळाच्या उजेडाविषयी. फूल शोधायला त्याला उजेड लागतो असं तुम्ही लिहिलं आहे. दाट धुक्यात उजेड विखुरतो, फार लांबचं दिसत नाही, आणि घुबडासारख्या शिकाऱ्याला मात्र बरोबर पत्ता लागतो. शोधण्यासाठी वास किंवा प्रतिध्वनी वापरा. क्यूबातल्या एका वेलीच्या फुलोऱ्यावर वाटीसारखं खोलगट पान असतं आणि ते वटवाघळाचा आवाज कुठल्याही कोनातून ठळकपणे परत पाठवतं. २०११ च्या प्रयोगांत असं पान लावलेलं खाद्य वटवाघळांना जवळजवळ निम्म्या वेळात सापडलं. कड्यावरच्या धूपवृक्षाला अशी ‘ऐकू येणारी’ पानं किती शोभतील! उजेड काजव्यांसारखा जोडीदार शोधण्यासाठी ठेवा. त्यातून एक नवा धोकाही मिळतो. स्वित्झर्लंडमध्ये अंधाऱ्या कुरणांत रस्त्यावरचे दिवे लावून पाहिले, तेव्हा फुलांवर रात्री येणाऱ्या कीटकांच्या भेटी ६२ टक्क्यांनी घटल्या आणि अभ्यासासाठी निवडलेल्या वनस्पतीची फळधारणा १३ टक्क्यांनी कमी झाली, दिवसा भरपूर कीटक येत असूनही. हा अभ्यास २०१७ चा आहे. दरीच्या माथ्यावर यात्रेकरूंसाठी रात्रभर मशाली जळायला लागल्या तर दीपाळ एकमेकांना दिसणार कसे?

‘ते संपले की जंगल मरेल’ हे वाक्य मात्र बदलाच. झाडं अशी मरत नाहीत. परागवाहक गेल्यावरही झाड उभं राहतं, दरवर्षी फुलतं, कदाचित दोनशे वर्षं. फळं कमी धरतात, रोपं उगवत नाहीत, आणि जुन्या झाडांच्या सावलीत ते कोणाच्या लक्षात येत नाही. न्यूझीलंडच्या उत्तर बेटाच्या वरच्या भागातून १८७० च्या सुमारास बेलबर्ड आणि स्टिचबर्ड हे मकरंद पिणारे पक्षी नाहीसे झाले. त्यांच्यावर विसंबलेलं एक झुडूप तिथे आजही आहे. पण जवळच्या ज्या बेटांवर पक्षी टिकले तिथल्याशी तुलना केली तेव्हा मुख्य भूमीवर दर फुलामागे बीजनिर्मिती ८४ टक्क्यांनी कमी आढळली आणि कोवळी रोपं निम्म्याहून कमी. शंभरहून अधिक वर्षं हे असंच चाललं होतं. म्हणून तुमच्या दरीत संकट सर्वांत आधी ओळखणारी व्यक्ती आकाशाकडे बघणारी असू नये. ती झाडाखाली गुडघे टेकून रोपं मोजणारी असावी. तिला एक वित उंचीचं, कंबरेएवढं, डोक्याएवढं, असं एकही झाड सापडत नाही. सगळी झाडं एकाच वयाची, म्हातारी. हा शोध लागतो तो प्रसंग मला तुमच्याकडून सविस्तर वाचायला आवडेल.

आणि मग माणसं स्वतः परागीभवन करून पाहतील, हे ओघाने येतं. व्हॅनिलाचं असंच झालं. रेयुनियन बेटावर वेल वाढली, फुलली, पण मूळ भूमीतले परागवाहक नसल्याने शेंगा धरेनात. १८४१ मध्ये एडमंड आल्बियस या बारा वर्षांच्या गुलाम मुलाने बारीक काडीने फुलातला पडदा उचलून अंगठ्याने पराग कुक्षीवर दाबायची युक्ती शोधली. आजही बहुतेक सगळी व्हॅनिला याच पद्धतीने हाताने पिकते. तुमच्या नायिकेला दोर बांधून कड्यावर उतरू द्या, पिसाने पराग लावू द्या. तिला फळंही मिळू द्या. पण तिचा हात पोचतो तेवढ्याच झाडांपर्यंत, आणि ती पराग नेते तेही त्याच चार झाडांमधून. दीपाळ एका रात्रीत दरी ओलांडून पराग नेत असे. फरक काही पिढ्यांनी रोपांच्या दुबळेपणात दिसेल. तोवर मिळालेला वेळ मात्र खरा आहे, त्याला कमी लेखू नका.

शेवटच्या जोडीविषयी तुम्ही विचारलंत. तो प्रसंग मी ठेवला नसता. परागवाहकाचं काम त्याची जात संपण्याच्या बरंच आधी थांबतं. शंभर दीपाळ एका गुहेत एकत्र असतील तर ते एकमेकांना ऊब देतात, जोडीदार सापडतो, आशा असते. तेच शंभर दहा घळींत विखुरले तर आकडा तोच राहून सगळं बदलतं: थंड रात्री निभत नाहीत, उजेडाला उत्तर येत नाही, आणि बहुतेक फुलं कोणाचीही भेट न होता गळतात. जोडी वाचवणं हे छायाचित्रासारखं दृश्य होईल, पण त्यातून जंगल परत येत नाही. विखुरलेल्या टोळ्यांमध्ये पुन्हा वाट जोडणं हा कळस जास्त अवघड आहे आणि जास्त खरा आहे.

एक गोष्ट तुमच्या टिपणात कुठेच नाही, ती म्हणजे पिलं. मकरंद म्हणजे मुख्यतः साखरेचं पाणी, त्यावर हाडामांसाचं पिलू वाढत नाही. गुणगुण्याची मादीसुद्धा पिलांना बारीक कीटक भरवते. त्या लांब नाकाच्या वटवाघळांना बरीचशी प्रथिनं परागांतूनच मिळतात. दीपाळाची मादी दूध पाजत असेल तर त्या काळात तिला प्रथिनं कुठून मिळतात, हे ठरवा. माझी सूचना अशी: दरीच्या तळाशी एक उथळ, चिखलाचं, डासांनी भरलेलं तळं असू द्या, आणि माद्या त्यावरचे कीटक टिपून पिलं वाढवत असू द्यात. तुमच्या तिसऱ्या प्रकरणात नायिकेचे गावकरी तापाच्या साथीला कंटाळून दरीतली दलदल उपसतात असा उल्लेख आहे. ती दलदल म्हणजे हेच तळं करा. नायिका त्या दिवशी सगळ्यांबरोबर फावडं घेऊन तिथेच उभी आहे, त्यामुळे पुढे रोपं मोजताना तिला हे आठवावंच लागेल.